खेचर खोगीर कसं घेतं?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. बेळगाव जिल्ह्यात खानापूर-नंदगडपासून पार चिकोडी-निपाणीपर्यंत कुणीही भेटलं की हाच प्रश्न: ‘घोडं एकवेळ ऐकेल, पण खेचर जात्याच अडेल. तुमच्याकडे ते गुमान खोगीर कसं चढवून घेतं?’

अडेल नाही हो, सावध असतं. बाप गाढव, आई घोडी. घोडं बिचकलं की उधळतं. गाढव जागीच थांबून अंदाज घेतं. खेचरात बापाचा हा गुण उतरतो. आपल्याला तो हट्ट वाटतो, मग चाबूक निघतो. आणि खेचराची आठवण दांडगी. एकदा मार खाल्ला की खोगीर दिसताच ते अंग चोरतं.

म्हणून खोगीर आधी नुसतं समोर ठेवतो. हुंगू दे, नाक लावू दे. खरारा करता करता घडी घातलेली घोंगडी पाठीवर ठेवायची. ते शहारलं तर घोंगडी तिथंच राहू द्यायची. मान खाली गेली, मोठा श्वास सोडला, की लगेच उचलायची. सगळी मेख इथंच आहे. शहारल्याबरोबर उचललीत तर शहारलं की सुटका, हेच ते शिकणार. तंग, म्हणजे पोटाखालून आवळायचा खोगिराचा पट्टा, पहिल्यांदा सैलच, चार पावलं चालवून मग एक भोक वर. रिकिबी, म्हणजे पाय ठेवायच्या कड्या, लोंबू देऊन हातात धरून फिरवायचं, म्हणजे पोटावर काहीतरी आपटतंय याची सवय होते.

कान मात्र जपा. एवढे लांब कान दुमडून त्यावरून लगामाचा पट्टा ओढला तर दुसऱ्या दिवशी ते डोकं हातात देणारच नाही. मी बकल सोडून पट्टा कानांमागून फिरवतो आणि गालाशी लावतो. तोंडातल्या कडीला गूळ चोळायचा. गुळाला आपल्याकडे काय तोटा!

खरी परीक्षा दुमचीची, म्हणजे खोगिराच्या मागच्या पट्ट्याची. घोड्याला एकवेळ तिच्यावाचून चालेल, खेचराला नाही. त्याची पाठ सपाट, खांद्याचा उंचवटा बसका. जांबोटीकडचा उतार लागला की खोगीर थेट मानेवर घसरतं. ते मागून धरून ठेवणारा पट्टा शेपटीखालून जातो, आणि तिथं काही लागलेलं खेचराला बिलकूल खपत नाही. आधी नुसता हात, मग शेपूट उचलणं, मग मऊ सुती दोरी, आणि शेवटी चामडं. उभं राहायचं ते मांडीला चिकटून. ठीक मागं नाही, हातभर लांब तर नाहीच; लाथ पूर्ण जोरात बसते ती तिथं. खेचर बाजूलाही लाथ मारतं, हे घोडेवाल्यांच्या ध्यानात राहत नाही. दुमचीखाली शेपटीचा एक केस जरी अडकला तरी ते नाचायला लागतं, म्हणून शेपूट आरपार ओढून केस बोटांनी मोकळे करायचे.

हुकूम मराठीत द्या की कानडीत, त्याला काही फरक पडत नाही. घरात एकानं ‘थांब’ आणि दुसऱ्यानं ‘निल्लु’ म्हटलं की मात्र घोळ.

माणूस बसतो सगळ्यात शेवटी. किती दिवस लागतील ते आधी सांगता येत नाही, ज्याला लग्नाच्या तारखेवर हवंय त्यानं घोडं भाड्यानं घ्यावं. आणि पावसाळ्यात आणू नका. खानापुरातल्या पावसात चामडं भिजून कडक होतं, तंगाखाली कातडी सोलते, मग शिकवलेलं सगळं पाण्यात. दिवाळी झाल्यावर या.