हॅरनहॉलचे जिने कोण घासणार?

'अ क्लॅश ऑफ किंग्ज' ही 'गेम ऑफ थ्रोन्स'च्या मूळ पुस्तकमालेतली दुसरी कादंबरी तिसऱ्यांदा वाचतेय आणि आर्या स्टार्क, सरदारघराण्यातली पण ओळख लपवून फिरणारी पोर, हॅरनहॉलच्या किल्ल्यात पोचली की माझा स्पीड दरवेळी आपोआप कमी होतो. 'गेम ऑफ थ्रोन्स' सिरीज बघितलेल्या कुणालाही हा किल्ला म्हटलं की तिच्या घराण्याचा शत्रू टायविन लॅनिस्टर आणि आर्याचे ते टेबलावरचे सीन आठवतात. मलाही तेच आठवतात. पण पुस्तकात ते सीन नाहीतच! टायविन किल्ल्यात असतो, पण आर्या त्याला लांबूनच बघते, तो तिच्याशी गप्पा वगैरे मारत बसत नाही.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी पटकन: हॅरन होअर नावाच्या राजाने ४० वर्षं माणसं राबवून वेस्टरोसमधला (गोष्ट घडते तो खंड) सगळ्यात मोठा किल्ला बांधला, आणि काम पुरं झालं नेमकं त्याच दिवशी एगॉन टार्गेरियन वेस्टरोस जिंकायला ड्रॅगन घेऊन किनाऱ्यावर उतरला. टायमिंग बघा. दगड काय जळत नाही, ह्या भरवशावर हॅरन पोरांसकट आत बसून राहिला. जळत नाही हो, पण वितळतो.

तर आता किल्ला किती मोठा, हे पुस्तक आकड्यांत पण सांगतं. पाच बुरूज, १००० घोड्यांचा तबेला, २० एकरांचं देववन (आपली देवराई), आणि स्वैपाकघर विंटरफेलच्या, म्हणजे आर्याच्या घरच्या किल्ल्याच्या, मोठ्या दालनाएवढं. आधीची मालकीण लेडी व्हेंट तर पाचातल्या दोनच बुरुजांचा फक्त खालचा तिसरा भाग वापरायची, बाकीचं सगळं पडू दिलेलं. पण खरं सांगू का, हे आकडे मी वाचते आणि विसरते. किल्ला मोठा वाटतो तो आर्याच्या हातापायांमुळे. ती तिथे मोलकरीण आहे, दहा वर्षांची पोर, नाव पण स्वतःचं नाही, वीझ नावाचा मुकादम तिला झाडायला-पुसायला लावतो, जिने घासायला लावतो, निरोप घेऊन ह्या टोकाहून त्या टोकाला पळवतो, आणि आपण तिच्याबरोबर दमतो. शंभर चुलाण्यांचं म्हणून मिरवणारं एक दालन आहे ना, तिथे ती मुद्दाम मोजायला जाते, तर एकदा ३३ भरतात आणि एकदा ३५. नावातच थाप! जो माणूस तिथे राबतो त्यालाच असलं काहीतरी कळतं, पाहुण्याला नाही.

सिरीजमध्ये २०१२ च्या दुसऱ्या सीझनला हॅरनहॉल पहिल्यांदा दिसतो आणि तो लांबून घेतलेला शॉट मस्तच आहे, मेणबत्ती ओघळावी तसे ओघळलेले बुरूज, माझ्या डोक्यात होतं त्याहून भारी. पण मग कॅमेरा खाली येतो आणि एक चिखलाचं अंगण, एक कैद्यांचा कोंडवाडा आणि टायविनची खोली, संपला किल्ला. बजेट असतं, कळतं मला. आणि टायविन झालेला चार्ल्स डान्स त्या खोलीत असेल तर बाहेर जावंसं तरी कुणाला वाटेल, तो तिला हॅरनचं काय झालं ते विचारतो तो सीन मी कितीदा बघितलाय. फक्त त्या आर्याला किल्ला पाठ व्हायची गरजच पडत नाही. ती एका टेबलापाशी उभी.

ह्याचा फटका शेवटी बसतो. आर्याने जीव वाचवलेला याकेन नावाचा मारेकरी तिला तीन माणसं मारून द्यायचं कबूल करतो आणि तिसरं नाव ती त्याचंच घेते, हे दोन्हीकडे सेम. पण पुस्तकात ते नाव मागे घ्यायच्या बदल्यात ती किल्ल्यातल्या, तिच्या भावाच्या बाजूच्या, कैद्यांची सुटका मागते, मग ही चिमुरडी, याकेन आणि त्याचे दोन साथीदार स्वैपाकघरातून उकळत्या सूपची पातेली उचलतात, तळघरावरच्या पहारेकऱ्यांपर्यंत नेतात आणि त्यांच्या तोंडावर ओततात. अख्खा किल्ला मोलकरणीच्या वाटेने पडतो! सिरीजमध्ये पहारेकरी आधीच मरून उभे असतात आणि आर्या आणि तिचे दोन सोबती गेटातून चालत बाहेर. दिसायला थंडगार, छान. पण मला सूप हवं होतं.

'हाउस ऑफ द ड्रॅगन' ह्या आधीच्या काळातल्या टार्गेरियनांवरच्या सिरीजचा दुसरा सीझन (२०२४) बऱ्याच जणांना रखडल्यासारखा वाटला, राजपुत्र डेमन टार्गेरियन नुसता हॅरनहॉलमध्ये भटकतोय म्हणून. मला तर तेच आवडलं! तो पावसात तलवार काढून किल्ला जिंकायला येतो तर किल्ला सांभाळणारा म्हातारा सायमन स्ट्रॉंग जेवत बसलेला, लढायलाच कुणी नाही. छत गळतंय, रात्री झोप नाही, भलतीसलती स्वप्नं पडतायत. ती स्वप्नं 'फायर अँड ब्लड' ह्या मूळ पुस्तकात नाहीत, पण किल्ला माणसाला छळतोय हे पडद्यावर पहिल्यांदा तिथे जाणवलं.

बाकी आर्याला साकी करायची आयडिया पण पुस्तकातलीच, फक्त तिथे मालक वेगळा. सूपवाल्या रात्रीनंतर किल्ला रूस बोल्टन ह्या उत्तरेकडच्या सरदाराच्या हातात जातो आणि ती त्याची साकी होते. आता झालंय असं की तो भाग वाचताना मी नकळत टायविनला शोधते, मटण आवडत नाही म्हणून ताट तिच्याकडे सरकवणारा तो सिरीजमधला टायविन. आणि पलंगावर असतो बोल्टन, अंगभर जळवा लावून घेतलेला.