माशावर केळं, वर केसरचा रस

मी राहते त्या बेटावर तळलेल्या माशाबरोबर केळं वाढतात. जेवण झाल्यावर फळ म्हणून नव्हे. त्याच ताटलीत कुरकुरीत मासा, त्याच्यावर तळलेलं केळं आणि वरून पॅशनफ्रूटचा आंबटगोड रस. फोनवर हे बडोद्याला सांगितलं तर आत्या म्हणाली, "म्हणजे माशाबरोबर शिकरण? अगं, कोड उठेल अंगावर!" दूध नसतं त्यात, असं समजावलं, तरी तिचा 'हं' काही निघाला नाही. मग ठरवलं की सुट्टीत घरी गेल्यावर करूनच घालायचं.

बेट म्हणजे मादेरा. पोर्तुगालचं, पण अटलांटिकमध्ये इतकं खाली की लिस्बनपेक्षा आफ्रिकेचा किनारा जवळ पडतो. माझं काम लॅपटॉपवरचं, त्यामुळे तिथल्या फुंशाल गावात बसून करता येतं. गाव समुद्रातून सरळ डोंगरावर चढलेलं. सपाट जमीन नाहीच, म्हणून उतारावर दगडी बांध घालून पायऱ्या केल्यात, आणि दक्षिणेच्या उन्हातल्या बाजूला त्या पायऱ्यांवर केळीच केळी. घराच्या खिडकीखाली केळी, बसस्टॉपच्या मागे केळी. फळ आखूड, बारीक सालीचं आणि चांगलंच गोड.

आणि मासा? त्याला तिथे इश्पाडा म्हणतात. आपल्या वाकटीच्याच कुळातला, तसाच लांब पट्ट्यासारखा, फक्त काळाकुट्ट. साधारण हजार मीटर खोल पाण्यात राहतो. तिथे त्याला जाळ्याने धरत नाहीत, लांबच लांब दोरीला गळ लावून रात्री वर ओढतात. खालचा दाब सुटल्यामुळे वर येईपर्यंत मेलेलाच असतो. फुंशालचा जुना बाजार 1940 सालचा, चित्रांच्या फरशा बसवलेल्या. तिथे दगडी ओट्यावर हे मासे ओळीने पसरलेले असतात. बटाट्याएवढे डोळे, सुईसारखे दात. पहिल्यांदा पाहिल्यावर भूक लागायचं काहीच कारण नाही. पण कातडी सोलून काढलेला तुकडा पांढराशुभ्र, मऊ आणि जवळजवळ बिनवासाचा.

हा बिनवास स्वभाव महत्त्वाचा. बांगड्यावर केळं ठेवलं तर दोघांचं भांडण होईल. इश्पाडा गरीब आहे, कोणाशीही जमवून घेतो.

तिथली आमची घरमालकीण माशाला लसूण ठेचून, लिंबू, मीठ आणि मिरपूड लावून अर्धा तास ठेवते, मग पिठात घोळवून अंड्यात बुडवून तळते. हळद-तिखट सोडलं तर आमच्या सीकेपी घरातली सुरुवात याहून फार वेगळी नाही. लसणाचा या लोकांना भारी सोस. नाताळात तर लसूण-व्हिनेगरमध्ये मुरवलेलं डुकराचं मटण घरोघरी असतं. गोव्याचं विंदालू त्याच पदार्थाच्या वंशातलं. पोर्तुगीज दीव-दमणला 1961 पर्यंत होते, बटाटा दिला, काजू दिला, अननस दिला, पण मासा-केळं काही आपल्या किनाऱ्यावर उतरलं नाही.

हॉटेलांत मात्र हा पदार्थ बऱ्याचदा बिघडवलेला असतो. पर्यटकांसाठी रस साखर घालून घट्ट करतात, की वाटावं कस्टर्ड ओतलंय. माझं मत ठाम आहे: हा रस आधी आंबट लागला पाहिजे, गोडी मागून आली पाहिजे. उलटं झालं की तिसऱ्या घासाला कंटाळा.

तर मे महिना, बडोदं, बाहेर बेचाळीस डिग्री. मेमध्येच करायचं याला दोन कारणं. एक, आंबा. दुसरं, 1 जूनपासून पश्चिम किनाऱ्यावर मासेमारीची बंदी लागते, मग बर्फातलं जुनंपानं किंवा बासा यावर भागवावं लागतं. बासा वाईट नाही, पण तळताना इतकं पाणी सोडतो की आवरण आतून भिजतं. वेरावळकडून आलेला रावस मिळाला. मासेवाल्याने विचारलं, "बेन, कढी माटे के तळवा माटे?" म्हटलं, तळायला, पण काटा आणि कातडी काढून, बोटाएवढ्या जाड पट्ट्या करा. त्याने बाबांकडे अशा नजरेने पाहिलं की यांच्या मुलीला झालंय तरी काय. रावसाची कातडी आणि डोकं टाकून देणारं गिऱ्हाईक त्याच्या हिशेबी वेडंच. डोकं टाकलं नाही, आईने पिशवीत घालून घेतलं. संध्याकाळी त्याचं कालवण झालं.

आता आवरण, म्हणजे खरा मुद्दा. इथे भज्यांची सवय आड येते. भज्याचं पीठ आपण हाताने फेटतो, हलकं होईपर्यंत. मैद्याचं पीठ फेटलं की ग्लुटेनचे धागे धरतात आणि तळल्यावर कुरकुरीत न होता चिवट होतं. म्हणून मैदा तीन भाग, तांदळाचं पीठ एक भाग, चिमूटभर मीठ, अर्धा चमचा बेकिंग पावडर आणि बर्फासारखा गार सोडा. गार का, तर थंडीत ते धागे सावकाश धरतात आणि सोड्यातला वायू पिठात टिकून राहतो. तो गरम तेलात फुगतो, त्याच्याने आवरणात पोकळ्या पडतात. काट्याने चार वेळा ढवळायचं, गुठळ्या राहिल्या तरी राहू द्यायच्या. आईला गुठळ्या दिसल्यावर राहवेना, तिचा हात आपोआप पातेल्याकडे जायचा. शेवटी मी पातेलंच बर्फाच्या परातीत ठेवून माझ्याकडे ओढून घेतलं.

इंटरनेटवरच्या पाककृती इथे बिअर घालायला सांगतात. गुजरातेत राज्य झाल्यापासून, म्हणजे 1960 पासून, दारूबंदी आहे. मासे तळायला बिअर हवी म्हणून परमिट मागायला जाणारा माणूस अजून जन्मायचाय. सोडा पुरतो. चवीत थोडा फरक पडतो, कुरकुरीतपणात नाही.

माशाच्या पट्ट्या फडक्याने टिपून अगदी कोरड्या करायच्या, मग कोरड्या तांदळाच्या पिठात घोळवायच्या, मग ओल्या पिठात. मधली पायरी गाळली तर तळताना आवरण सुटून येतं, मासा वेगळा आणि पापुद्रा वेगळा. तेल सिंगतेल, म्हणजे शेंगदाण्याचं, बडोद्यात दुसरं कोण वापरतं! एकशेऐंशी डिग्री हवं. थर्मामीटर नसेल तर पिठाचा थेंब टाका: अर्ध्यापर्यंत बुडून लगेच वर उसळला तर तेल झालं. एका वेळी तीनच पट्ट्या. फिकट सोनेरी झाल्या की काढायच्या, तेल पुन्हा चांगलं तापू द्यायचं आणि मिनिटभर परत सोडायच्या. झाऱ्यावर घेऊन हलवल्या तर खडखड वाजल्या पाहिजेत. काढून जाळीवर ठेवायच्या. कागदावर ठेवल्या की खालची वाफ कोंडते आणि दोन मिनिटांत सगळी मेहनत मऊ पडते.

हे सगळं खिडक्या बंद करून, बरं का. आमच्या सोसायटीत वरच्या मजल्यावर पक्के शाकाहारी शेजारी आहेत, माणसं सोन्यासारखी, कधी एक शब्द बोललेली नाहीत. पण आईच बंद करते, माझ्या लहानपणापासून. मे महिन्यात बंद स्वयंपाकघरात तापलेल्या कढईपुढे उभं राहणं म्हणजे काय, हे फुंशालच्या समुद्रवाऱ्यात राहून विसरायला झालं होतं. एक गोष्ट मात्र आईच्याही लक्षात आली, तव्यावरच्या माशापेक्षा याचा वास कमी सुटतो. आवरण वाफ आत धरून ठेवतं.

रसासाठी पॅशनफ्रूट बडोद्यात शोधत फिरण्यात अर्थ नव्हता. त्याचं काम काय, तर वास आणि आंबटपणा. वास तालाळ्याचा केसर आंबा देतो, आंबटपणा कैरी देते, आणि मेमध्ये दोन्ही खंडेराव मार्केटात शेजारी शेजारी मिळतात. एक लहान कैरी किसून कपभर पाण्यात मऊ शिजवली, घोटली. त्यात दोन चमचे साखर, मीठ, चिरा दिलेली एक हिरवी मिरची, थोडी मिरपूड. दोन उकळ्या आल्यावर गॅस बंद. मग एका केसरचा गर आणि सुपारीएवढं लोणी. आंबा शिजवायचा नाही, शिजला की त्याचा वास उडतो आणि मुरंब्याची चव येते. चमच्यावरून ओघळेल इतपत पातळ ठेवायचा. चाखून पाहिला तर पहिल्यांदा डोळे बारीक झाले पाहिजेत.

केळी वेलची घेतली, तिथल्या केळ्याच्या जवळ तीच जाते. पिकलेली पण ताठ, उभी चिरून लोण्यात दोन्ही बाजूंनी लाल केली. बस्स.

ताटं मांडली. अलिबागच्या मामी नेमक्या आलेल्या. त्यांनी मासा खाल्ला, केळं बाजूला केलं आणि रसाला बोटही लावलं नाही. "आमसूल नाही, तिखट नाही, भात नाही. मासा आहे कशाला मग?" त्यांच्या जागी त्या बरोबर. किनाऱ्यावर ताजा मासा असताना त्याला सजवायची गरजच काय?

पण बडोदेकरांची गोष्ट निराळी. आमची गुळाची आमटी, त्यात शेजारची गुजराती दाळ, शाळेच्या डब्यात मैत्रिणीचा छुंदो, म्हणजे किसलेल्या कैरीचं गोड लोणचं. पिढ्यान् पिढ्या इथे राहून गोडाला घाबरायचं आम्ही विसरलो. शिवाय दोन-तीन तासांवर नवसारी. तिथल्या पारश्यांच्या लग्नातली सास नी मच्छी म्हणजे व्हिनेगर, साखर आणि अंडं घातलेल्या पांढऱ्या रश्शातला मासा, आंबटगोडच. आमच्या काकांनी ती बरोबरच्या पारशी मित्राकडे नोकरीभर खाल्लेली. त्यामुळे त्यांना काही नवल वाटलं नाही. त्यांनी फक्त फ्रीज उघडून छुंदोची बरणी काढली आणि माझ्या रसाच्या शेजारी ठेवली. दोन्ही लावून पाहिले. "तुझा बरा," म्हणाले, "पण याला जिरं आहे." पुढच्या वेळी मी रसात भाजलेलं जिरं घालणार आहे, मादेरावाल्यांना काय वाटायचं ते वाटो.

आत्याने केळं आधी खाल्लं. मग मासा. मग केळं आणि मासा एकत्र, कोणी बघत नाही असं वाटून. कोडाचा विषय पुन्हा निघाला नाही, पण त्या रात्री तिने दुधाचा पेला मात्र परत पाठवला.

उरलेला रस दुसऱ्या दिवशी थेपल्याबरोबर संपला. उरलेला मासा ओव्हनमध्ये गरम केला तर बऱ्यापैकी कुरकुरीत होतो, मायक्रोवेव्हमध्ये अजिबात नाही. नारळी पौर्णिमेनंतर नवा माल यायला लागला की आईला हे ताज्या वाकटीवर करून बघायचंय, म्हणजे इश्पाडाच्या भावकीतलीच निवड. तेव्हा केसर नसणार, त्यासाठी गर आत्ताच डब्यात भरून फ्रीझरमध्ये टाकलाय. वाकटीचे काटे काढायचं काम बाबांकडे लागलंय, आणि त्यांनी आतापासूनच कुरकुर सुरू केली आहे.