कॅमेरा लावला की फिल्म होते का?

तुम्ही विचारलंत म्हणून: परफॉर्मन्स करणाऱ्या कलाकाराने कॅमेऱ्यासमोर तेच काम केलं, की प्रायोगिक फिल्म होते का? नाही, ती नोंद होते. फिल्म हवी असेल तर कृती किती वेळ चालणार, कुठून दिसणार हे कॅमेऱ्याच्या हिशोबाने ठरवावं लागतं. हे आना मेंडिएटा या परफॉर्मन्स कलाकाराइतकं स्वच्छ क्वचितच कुणी केलं असेल. जन्म हवानाचा, १९४८ चा. शिक्षण अमेरिकेत, आयोवा विद्यापीठात. १९७१ ते १९८१ या काळात तिने शंभरावर फिल्म केल्या, बहुतेक सुपर-८ वर, म्हणजे ८ मिमी रुंदीच्या फिल्मवर, आणि मूक.

सुपर-८ च्या कार्ट्रिजमध्ये ५० फूट फिल्म असते, म्हणजे ३६०० फ्रेम. सेकंदाला १८ फ्रेम धरल्या तर ३ मिनिटं २० सेकंद. तिच्या कितीतरी फिल्म तीन मिनिटांच्या आसपास संपतात. मेक्सिकोत यागुल या प्राचीन अवशेषांच्या जागी केलेली ‘बरिअल पिरॅमिड’ (१९७४) पाहा. ती दगडांखाली झोपलेली आहे. तिच्या श्वासाने दगड हलू लागतात, घरंगळतात, आणि हळूहळू शरीर दिसू लागतं. प्रेक्षागृहात मागे बसलेल्याला एवढी बारीक हालचाल दिसलीच नसती. असं काही टिपायचं तर ट्रायपॉड हवाच. कॅमेरा धरलेला हात हलला, तर दगड हलला की कॅमेरा, हे कळत नाही. कृती आधी घड्याळ लावून करून बघा आणि तीन मिनिटांत बसवा, कारण रीळाच्या दोन्ही टोकांचा भरवसा नसतो.

आगीचं काम सर्वांत फसवं. मेक्सिकोतल्याच ओआहाकामधल्या तिच्या ‘आनिमा’त (१९७६) बांबूच्या सांगाड्याला फटाके बांधून केलेली स्त्री-आकृती रात्री पेटते. अशा वेळी ऑटो एक्स्पोजर (प्रकाश आपोआप मोजणारी सोय) भोवतालचा अंधार मोजतं, ॲपर्चर म्हणजे लेन्सचं छिद्र उघडतं, आणि ज्वाळा नुसती पांढरी होऊन आकार जातो. रिव्हर्सल फिल्मवर (जिच्यावर थेट पॉझिटिव्ह चित्र उमटतं) गेलेला तपशील परत येत नाही. म्हणून ज्वाळेवर मोजून ॲपर्चर हाताने लावा. मोबाइल असेल तर ज्वाळेवर बोट दाबून धरा, एक्स्पोजर लॉक होतं.

आणि फ्रेममध्ये तुम्हीच असाल तर बटण दाबायला दुसरं माणूस लागणार. त्याने फोकस करण्याआधी आयपीस, म्हणजे डोळा लावायची भिंग, स्वतःच्या नजरेला जुळवून घ्यावा. तो तुमच्या डोळ्यावर राहिला तर व्ह्यूफाइंडरमध्ये सगळं ठीक वाटतं आणि अख्खं रीळ धूसर येतं.