तेर-पैठणच्या वाटेने ग्रीक

मराठवाड्यात बसून प्राचीन ग्रीक शिकायची असेल तर पहिला उतारा होमरचा घेऊ नका. 'एरिथ्रियन समुद्राचा पेरिप्लस' (तांबडा समुद्र आणि हिंदी महासागरातल्या व्यापारी मार्गांचं वर्णन) या पुस्तिकेचा ५१वा परिच्छेद घ्या. इ. स. पहिल्या शतकाच्या मध्याच्या सुमारास इजिप्तमध्ये राहणाऱ्या एका ग्रीक व्यापाऱ्याने ती लिहिली. त्याचं नाव कुठे आलेलं नाही. या परिच्छेदात पैठण आहे, तेर आहे, दोन्हींची अंतरं आहेत आणि तिथून निघणारा माल आहे. मजकूर मोजक्या ओळींचाच आहे, पण नवशिक्याला जिथे जिथे अडायला होतं ती बहुतेक ठिकाणं त्यात येऊन जातात.

काळाचं भान आधी हवं. ग्रीकचे सर्वात जुने लेख मातीच्या पाट्यांवर 'लिनियर बी' लिपीत आहेत, इ. स. पू. १४व्या-१३व्या शतकांच्या आसपासचे. ती लिपी मायकेल व्हेंट्रिसने १९५२ मध्ये उलगडली. फिनिशियन अक्षरं घेऊन त्यांत स्वरांची भर घातलेली वर्णमाला इ. स. पू. आठव्या शतकापासून दिसते. पुढे आयोनिक, डोरिक, इओलिक, अथेन्सची अ‍ॅटिक अशा बोली लिहिल्या गेल्या, आणि अलेक्झांडरनंतर अ‍ॅटिकवर आधारलेली 'कोइने' इजिप्तपासून अफगाणिस्तानपर्यंत पसरली. पेरिप्लस याच कोइनेत आहे. द्विवचन त्यात मिळणार नाही आणि वाक्यं बाजारातल्या माणसाची, सरळ आहेत. नुकती सुरुवात केलेल्याला हे फार सोयीचं पडतं.

आता उच्चार. इंग्रजी पुस्तकांतून शिकणारे फी, थीटा आणि खी ही तीन अक्षरं हमखास बिघडवतात. त्या काळी हे आपले साधे महाप्राण होते: फ, थ, ख. पुरावा आपल्याच बाजूचा आहे. अँटिमाखोस या इंडो-ग्रीक राजाच्या नाण्यावर एका बाजूला ग्रीक आणि दुसऱ्या बाजूला खरोष्ठी लिपीत 'अंतिमखस' आहे. उलट दिशेने पाहिलं तर पेरिप्लस दक्षिणापथाला 'दखिनाबादेस' म्हणतो, तिथे प्राकृतातल्या ख साठी खी हेच अक्षर आहे. म्हणजे इंग्रजी विद्यार्थ्याला जे जीभ वळवून शिकावं लागतं ते आपल्याला घरूनच येतं. एकाच गोष्टीकडे लक्ष द्या: हल्ली मराठीतही 'फ' दात ओठावर टेकवून म्हणायची सवय लागली आहे. 'फळ' म्हणताना दोन्ही ओठ मिटतात का ते बघा. मिटत असतील तर तुमचा फी बरोबर.

अडचण स्वरांत आहे. ग्रीकमध्ये ए आणि ओ ऱ्हस्वही आहेत आणि दीर्घही, आणि त्यांची अक्षरं वेगळी आहेत. मराठीत हा भेद नाही, म्हणून विद्यार्थी दोन्ही एकसारखे म्हणतो आणि पुढे विभक्तिप्रत्ययांत गोंधळतो. प्रथमा एकवचनाचा '-ऒस' आणि षष्ठी बहुवचनाचा '-ओन' यांतला ओ सारखा नाही. वहीत ऱ्हस्वासाठी ऎ, ऒ ही चिन्हं पहिल्या दिवसापासून वापरा. देगलूरकडे कानावर तेलुगू असते, उमरग्याकडे कानडी. त्या भाषांत हा भेद रोजच्या बोलण्यात आहे, म्हणून तिकडच्यांना तो लवकर पकडता येतो. (पुढे दिलेले ग्रीक शब्द मात्र नेहमीच्या देवनागरीत आहेत, वाचायला सोपे जावे म्हणून.)

व्याकरणाला हात घालताना संस्कृत जवळ असू द्या. 'फेरो' म्हणजे भरामि, 'दिदोमि' म्हणजे ददामि, आणि भूतकाळात धातूच्या आधी लागणारा 'ए' हा अभवत् मधल्या 'अ'चा भाऊ. पण विभक्तींत संस्कृतची आठ घरं ग्रीकमध्ये पाचच उरली आहेत, आणि संस्कृत येणारा माणूस नेमका इथेच घसरतो. षष्ठीने पंचमी गिळली आहे. चतुर्थीने तृतीया आणि सप्तमी दोन्ही गिळल्या आहेत. ५१व्या परिच्छेदात तिन्ही नमुने लागोपाठ येतात. 'एन... दखिनाबादेइ': रूप चतुर्थीचं, अर्थ 'दक्षिणापथात'. 'अपो बारुगाझोन': रूप षष्ठीचं, अर्थ 'भडोचहून'. 'पोरेइआइस हामाक्सोन': पहिला शब्द चतुर्थीत, पण अर्थ 'गाड्यांच्या प्रवासाने', म्हणजे चक्क तृतीया. या तीन जोड्या पाठ केल्या की विभक्तींचं अर्धं भय जातं.

याच वाक्यातलं क्रियापद 'कतागेताइ'. आगो म्हणजे नेणं, कता म्हणजे खाली. माल 'खाली नेला जातो'. दख्खनच्या पठारावरून भडोचच्या किनाऱ्याकडे जाणारा माल घाट उतरूनच जाणार, तेव्हा हा उपसर्ग शब्दशः घ्यायला हरकत नाही. शब्दकोशात मात्र 'कतागेताइ' शोधू नका. ग्रीक कोशांत क्रियापद वर्तमानकाळाच्या प्रथमपुरुषी एकवचनाखाली असतं, म्हणून 'कतागो' बघायचं. भूतकाळी रूप असेल तर आणखी एक गाठ पडते: तो 'ए' उपसर्ग आणि धातू यांच्या मध्ये घुसतो, जसं प्र + अहरत् चं प्राहरत् होतं. रूप 'कतेगेतो' दिसलं की आधी उपसर्ग सोडवा, मग 'ए' काढून त्यात मिसळलेला धातूचा 'आ' परत ठेवा, मग कोश उघडा. लिडेल आणि स्कॉट यांचा मोठा कोश इंटरनेटवर मोफत शोधता येतो. फोनवर 'पॉलिटॉनिक' ग्रीक कीबोर्ड घ्या, आधुनिक ग्रीकच्या कीबोर्डवर श्वासचिन्हं (शब्दाच्या सुरुवातीला 'ह' आहे की नाही ते दाखवणारी) नसतात.

लेखकाची गावांच्या नावांची पद्धतही सांभाळून वाचावी लागते. पैठणला जोडलेलं धातुसाधित स्त्रीलिंगी एकवचनी आहे, पण दोन ओळींनी 'अपो पाइथानोन' असं बहुवचन येतं. 'तगारा मेगिस्ते' म्हणजे 'फार मोठं तगर' (तगर म्हणजे आपलं तेर), हेही एकवचन; पुढे 'अपो तगारोन'. भडोचचंही तेच. विद्यार्थ्याला वाटतं आपलंच काही चुकलं. चुकलेलं नसतं. परक्या नावाला ग्रीक प्रत्यय लावताना लेखक कधी हा साचा वापरतो, कधी तो.

हस्तलिखिताची गोष्ट तर प्रत्येक पैठणकराने पाहावी अशी आहे. पेरिप्लसची मुख्य प्रत जर्मनीत हायडेलबर्गला आहे, दहाव्या शतकाच्या आसपासची. तिच्यात पैठणच्या जागी 'प्लिथाना' वाचलं गेलं, आणि जुन्या इंग्रजी इतिहासांत तेच रूप चालत राहिलं. कारण अक्षरांत आहे. मोठ्या लिपीत आल्फा आणि लॅम्डा दोन्ही तंबूसारखे उभे. आल्फाच्या पोटात एक आडवी रेघ जास्त, इतकाच फरक. नकलकाराच्या हातून ती रेघ सुटली की 'पाइ'चं 'प्लि' होतं. दुरुस्तीला आधार टॉलेमीचा: दुसऱ्या शतकातल्या त्याच्या भूगोलात 'बाइथाना' आहे, सातवाहन राजा पुळुमावीची राजधानी म्हणून. म्हणून सुरुवातीपासून मोठी अक्षरं लिहायचा सराव करा. शिलालेख आणि नाणी त्यांतच आहेत, आणि पाठभेद का झाले ते त्यांशिवाय समजत नाही.

आता अंतरं. भडोचपासून पैठण वीस दिवस दक्षिणेला, पैठणपासून तगर दहा दिवस पूर्वेला. नकाशावर सरळ रेघ मारली तर पहिलं अंतर सुमारे ३५० किलोमीटर, दुसरं सुमारे १५०. बैलगाडीचा दिवस १५ ते १८ किलोमीटरचा धरला की दोन्ही जुळतात. दिशा मात्र जुळत नाहीत: पैठण भडोचच्या आग्नेयेला आहे, आणि तेर पैठणच्या पूर्वेपेक्षा दक्षिणेकडे जास्त. याच दिशेपायी तगर कुठलं यावर दौलताबादपासून जुन्नरपर्यंत तर्क झाले. शिलालेखांचा अभ्यासक फ्लीट याने १९०१ मध्ये तेरचं नाव ठामपणे मांडलं, आणि तेरला सापडलेल्या वस्तूंनी त्याला बळ दिलं. माझं मत असं की ऐकीव माहिती लिहिणाऱ्याचे दिवस खरे मानावेत, दिशा अंदाजाच्या. गाडीवान किती मुक्काम केले हे कधी विसरत नाही.

आता माल. पैठणहून 'ओनुखिने लिथिआ', पट्ट्यांचा अकीकासारखा दगड, भरपूर. तेरहून पुष्कळ साधं ('खुदाइओन') कापड आणि मलमल.   

हा परिच्छेद बसला की लगेच झेनोफोनकडे (अ‍ॅटिक गद्याचा जुना लेखक) जाऊ नका, मध्ये अशोकाचा कंदाहारचा लेख घ्या. तो १९५८ मध्ये सापडला. वर ग्रीक, खाली अरामाईक, आणि ग्रीकच्या ओळी चौदाच्या आत. राजाचं नाव त्यात 'पिओदास्सेस' आहे. पहिलेच शब्द 'देका एतोन...', 'दहा वर्षं पूर्ण झाल्यावर'. संस्कृतात इथे सति सप्तमी आली असती, ग्रीकमध्ये तेच काम षष्ठी करते. नाम आणि धातुसाधित दोन्ही षष्ठीत, आणि मुख्य वाक्याचा कर्ता निराळा, असं जिथे दिसेल तिथे 'अमुक झाल्यावर' किंवा 'अमुक होत असताना' हा अर्थ आधी लावून बघा.