वेलींपाशी उतरलेल्या विद्याधरी

वेरूळला येणारे बहुतेक लोक कैलास पाहिला की परततात. जैन लेणी तिथून उत्तरेला किलोमीटरभराहून लांब, ऊन चढलेलं, शिवाय घृष्णेश्वराचं दर्शन राहिलेलं असतं. गाईड म्हणून मला याचं मनापासून वाईट वाटतं. त्या दिवशी मात्र कोल्हापूरकडच्या एक निवृत्त शिक्षिका मुलगा-सुनेसोबत आल्या होत्या. तिकिटं काढून होताच म्हणाल्या, "दादा, वेळ कमी पडला तर बाकीचं राहू दे, पण मला बाहुबलीपाशी न्या." बाहुबली म्हणजे पहिले जैन तीर्थंकर ऋषभदेव यांचा मुलगा, राज्य सोडून तपाला उभा राहिलेला मुनी.

वेळ होता. म्हणून मी दहाव्या लेण्यापासूनच सुरुवात केली. प्रत्येक लेण्यात मुख्य मूर्ती पाहून झाली की तिच्या डोक्यावरही बघायचं, हा माझा आग्रह असतो. या बौद्ध चैत्याच्या दर्शनी भागात गवाक्षाच्या दोन्ही अंगांना विद्याधरांची जोडपी तरंगतात. पंख कुणालाच नाहीत. गुडघ्यात मागे दुमडलेले पाय, पुढे झुकलेलं धड आणि मागे फडफडणारं उत्तरीय, एवढ्यावर शिल्पकाराने दगड हवेत उचललाय. विद्या साध्य करून आकाशात फिरणारी ही मंडळी. पुढे कैलासातही शिव-पार्वतीच्या वर तेच भेटतात. देव बदलले, तरी हे बदलले नाहीत.

वाटेत मी त्यांना विद्याधरांचा राजपुत्र जीमूतवाहन याची गोष्ट सांगितली. एका नागाचा जीव वाचावा म्हणून तो स्वतःच गरुडापुढे जाऊन बसतो. सातव्या शतकात हर्षाने त्यावर 'नागानंद' नाटक लिहिलं. त्याची नांदी बुद्धाची आणि शेवटी नायकाला जिवंत करते ती गौरी! कोकण-कोल्हापूरचे शिलाहार राजे स्वतःला याच जीमूतवाहनाचे वंशज म्हणवत, हे ऐकल्यावर आजी खुलल्या. "म्हणजे पन्हाळ्याचा भोज राजाही विद्याधराच्या कुळातला म्हणायचा!"

बत्तीसाव्या लेण्यात, इंद्रसभेत शिरलो. आजींनी चपला बाहेर काढल्या आणि थेट बाहुबलीपुढे जाऊन उभ्या राहिल्या. कायोत्सर्गात, म्हणजे उभ्याने करायच्या ध्यानात, ताठ उभा बाहुबली, मांड्यांना आणि दंडांना वेढे घालत वर चढलेल्या वेली. समोर तेविसावे तीर्थंकर पार्श्वनाथ, त्यांच्यावर चहूबाजूंनी उपसर्ग, म्हणजे तप मोडण्यासाठीचा छळ, चाललेला. मी टॉर्च बाहुबलीच्या दोन्ही बाजूंच्या स्त्रियांवर धरला. काही जण त्यांना ब्राह्मी आणि सुंदरी, म्हणजे बाहुबलीच्या बहिणी मानतात. आजींनी मान हलवली. "नाही बाळा, या विद्याधरी. आदिपुराणात आहे. क्रीडेसाठी आल्या होत्या, मुनींच्या अंगावरच्या वेली दिसल्या, त्या सोडवल्या." जैन आचार्य जिनसेनांचं आदिपुराण नवव्या शतकातलं, राष्ट्रकूट अमोघवर्षाच्या काळातलं. कैलास खोदवणाऱ्या पहिल्या कृष्णाचा हा पणतू. ही जैन लेणीही साधारण त्याच काळातली.

मी पुन्हा नीट पाहिलं. सकाळपासून पाहिलेले सगळे विद्याधर वर अधांतरी होते, हातात हार घेऊन. या दोघी मात्र जमिनीवर पाय टेकून उभ्या. फुलं उधळण्यापेक्षा हे काम मला फार मोठं वाटतं.

आजी तिथेच टेकल्या आणि सुनेला सांगू लागल्या. जैन पुराणांतले विद्याधर देव नाहीत, माणसंच. ऋषभदेवांकडे राज्याचा वाटा मागायला आलेल्या नमी-विनमींना नागराज धरणेंद्राने विद्या दिल्या आणि विजयार्ध पर्वतावर वसवलं. दक्षिणेला पन्नास नगरं, उत्तरेला साठ. "रावणसुद्धा विद्याधरच. राक्षस हे कुळाचं नाव. दहा तोंडं नव्हती त्याला, गळ्यातल्या हाराच्या रत्नांत चेहऱ्याची नऊ प्रतिबिंबं पडायची."

आणि मग म्हणाल्या, "मघाशी कैलासातला रावण धावतपळत झाला. परत नेता का?"

मुलगा त्यांच्या गुडघ्यांकडे बघत होता, पण आजी ऐकेनात. बसने परत कैलासावर आलो. मंदिराच्या दक्षिण बाजूला खाली रावण पर्वताला भिडलाय, वर पार्वती शिवाला बिलगलीय, दासी घाबरून पळतेय आणि शिव पायाच्या अंगठ्याने पर्वत दाबतोय. मी एवढं सांगून थांबलो. पुढचं आजींनी सांगितलं. त्यांच्या कथेत या पर्वतावर वाली मुनी ध्यानाला बसलेत. रावण चिडून पर्वत उचलतो तेव्हा वरच्या जिनमंदिरांच्या आणि जिवांच्या काळजीने ते अंगठा टेकतात, रावण कळवळून ओरडतो आणि शेवटी क्षमा मागतो. तोच पर्वत, तोच अंगठा. शेजारच्या ग्रुपमधले लोक आपल्या गाईडला सोडून ऐकायला आले. तो गाईडही आला.

आता मी रावणापाशी दोन्ही कथा सांगतो. "हे कुठलं नवीन?" असं कुणी विचारलंच, तर सांगतो की गोष्ट जुनीच आहे आणि ती सांगणाऱ्यांची लेणी इथून बसने पाच-दहा मिनिटांवर आहेत. काही जण मग खरंच बसमध्ये चढतात.