सदुसष्टाव्या वर्षी नवोदित

निवृत्त माणसानं काय करावं याची आपल्याकडे ठरलेली यादी आहे. सकाळचं फिरणं, नातवंडांना बसस्टॉपवर सोडणं, सोसायटीच्या मीटिंगमध्ये हिशेब मागणं. बर्ट मस्टिन नावाच्या अमेरिकन गृहस्थांनी 67 व्या वर्षी हॉलिवूडचा सिनेमा केला आणि नव्वदी उलटली तरी कामं सोडली नाहीत.

जन्म 1884 चा, पिट्सबर्गचा. 1903 मध्ये इंजिनिअर झाले, पण उमेदीची वर्षं गेली मोटारी विकण्यात. नाटकाची आणि गाण्याची आवड होती, ती हौसेपुरतीच राहिली. निवृत्तीनंतर ते अ‍ॅरिझोनात राहायला गेले. तिथल्या रंगमंचावर विल्यम वायलर या मोठ्या दिग्दर्शकाच्या नजरेत भरले, आणि 1951 च्या ‘डिटेक्टिव्ह स्टोरी’त त्यांना पोलीस ठाण्यातल्या सफाई कामगाराची भूमिका मिळाली. पदार्पणातच म्हातारा! हिरोचे वडील व्हायची वेळ आली की भल्याभल्यांचा चेहरा उतरतो. यांना उतरायला आधी कुठे चढलेलंच नव्हतं.

वेळही बरोबर साधली गेली. टीव्ही तेव्हा नुकता घराघरांत शिरत होता आणि त्याची भूक राक्षसी होती. ‘लीव्ह इट टू बीव्हर’ या एकाच मालिकेचे वर्षाला 39 भाग निघायचे, सहा वर्षांत 234. दर आठवड्याला नवी गोष्ट, म्हणजे दर आठवड्याला कुणीतरी पोस्टमन हवा, दुकानदार हवा, शेजारचे आजोबा हवेत. आत आल्याबरोबर हा माणूस इथलाच आहे हे पटलं पाहिजे, आणि मुख्य नटाच्या वाटेत न येता निघूनही जाता आलं पाहिजे. ही कामगिरी वाटते तितकी सोपी नाही.

याच मालिकेत मस्टिन अग्निशमन केंद्रातले गस झाले. शाळकरी बीव्हरच्या मनात काही सलत असलं की तो गसकडे जातो. आईवडिलांना सांगायची सोय नसते, मोठा भाऊ हसेल ही धास्ती असते. गस त्याचं ऐकून घेतात. उगाच लाडीगोडी नाही की उपदेशाचा डोस नाही; दोन समवयस्क गप्पा मारत असावेत तशी बोलणी चालतात. मला हे प्रसंग मालिकेतल्या घरगुती प्रसंगांपेक्षा जास्त आवडतात. (बीव्हरचे वडील जरा जास्तच इस्त्रीचे आहेत.)

मस्टिन म्हातारपणाचा अभिनय करत नाहीत, ही त्यांची खरी गंमत. आपल्या मालिकांत आजोबा म्हटले की खोकला आला, कंबरेवर हात आला, ‘आमच्या वेळी’ आलं. मस्टिन ताठ उभे राहतात, टकलावर दिवे चमकत असतात, आणि त्या बारीक पण खणखणीत आवाजात वाक्य ठणकावून मोकळे होतात. ‘द अँडी ग्रिफिथ शो’मधले त्यांचे जड फ्लेचर गावातल्या बाकावर चेकर्सचा पट मांडून बसतात आणि येणाऱ्याजाणाऱ्याची फिरकी घेतात. ‘ऑल इन द फॅमिली’त, 1973 साली, ते वृद्धाश्रमातून पळालेले मिस्टर क्विग्ली झाले. तेव्हा त्यांचं वय होतं 89. बिचारेपणाचा लवलेश नाही; पळून आलोय, त्यात काय मोठं, असा आविर्भाव.

मग आली ‘फिलिस’ ही विनोदी मालिका. तिच्यातल्या फटकळ मदर डेक्स्टर, म्हणजे ज्युडिथ लोरी, 86 वर्षांच्या. त्यांचं लग्न लावायचं ठरलं आणि नवरदेव म्हणून 92 वर्षांच्या मस्टिनना बोलावलं. चित्रीकरण पार पडलं. 29 नोव्हेंबर 1976 ला लोरी गेल्या. लग्नाचा भाग प्रक्षेपित झाला 13 डिसेंबरला. जेमतेम दीड महिन्यात, 28 जानेवारी 1977 ला मस्टिनही गेले.

सफाई कामगारापासून नवरदेवापर्यंत पोचायला पंचवीस वर्षं लागली. बढती तशी सावकाशच म्हणायची.