टीव्ही फोडणारी बाई आणि आमचे अण्णा

आमचं दुकान परभणीला जिंतूर रोडवर, टीव्ही रिपेअरिंगचं. आता बोर्डावर एलईडी, सेट टॉप बॉक्स सगळं लिहिलंय पण मागच्या खोलीत अजून दहा-पंधरा जुन्या पिक्चर ट्यूब पडल्यात, भंगारवाला त्याच्याकडं बघत पण नाही. तर मागच्या रविवारी गिऱ्हाईक नव्हतं म्हणून मी मोबाईलवर वेंडी ओ. विल्यम्सचे जुने व्हिडिओ बघत बसलो आणि अण्णा कधी मागं येऊन उभारले कळलंच नाही. बाई स्टेजवर, हातात घण, समोर टीव्ही.

"काय पाहायलास रे हे? चांगला टीव्ही फोडायली की ती!"

आता अण्णांना पंक, म्हणजे ते आरडाओरड्याचं बंडखोर रॉक संगीत, कसं सांगावं. म्हणलं अण्णा, ही अमेरिकेतली बाई, 1949चा जन्म, सोळाव्या वर्षी घर सोडलं, मग न्यूयॉर्कला रॉड स्वेन्सन नावाचा माणूस भेटला, येलमधून आर्ट शिकलेला, त्यानं 1978ला प्लाझमॅटिक्स हा बँड स्टेजवर आणला आणि हिला पुढं केलं. डोक्यावर मोहॉक, म्हणजे दोन्ही बाजू भादरून मधे केसांचा उभा तुरा, आणि गिटार वाजवायची सोडून करवतीनं कापायची, ती पण झाडं तोडायची चेनसॉ. अंगावर कपडे म्हणावे तर कधीकधी छातीवर नुसती काळी चिकटपट्टी, आपण वायरला गुंडाळतो तसली. (तो भाग मी अण्णांपुढं पटकन पुढं ढकलला.)

खरं सांगतो, गाणं म्हणून मला त्यांचं निम्मं काम आवडत नाही, नुसता गोंगाट. आवाज मात्र बाईचा खतरनाक, घसा खरवडून गायची, आणि 1985ला रॉक गायिकांच्या गटात ग्रॅमीचं नॉमिनेशन पण मिळालं, नंतरच्या सोलो अल्बमसाठी, जो किस बँडच्या जीन सिमन्सनं प्रोड्यूस केला होता. पण मी परत परत बघतो ते 1980चं, न्यूयॉर्कच्या हडसन नदीवरच्या धक्क्यावर, जिथं तिनं एक कॅडिलॅक चालवत थेट स्फोटकं लावलेल्या स्टेजकडं नेली आणि आदळायच्या जरा आधी बाहेर उडी टाकली. गाडी गेली, स्टेज गेलं. नंतर तिचं म्हणणं असं की या सगळ्या नुसत्या वस्तू आहेत, लोकांनी त्यांची पूजा कशाला करायची.

पूजेचं म्हणलं की मला आमची गल्ली आठवते. 1987ला रामायण लागायचं तेव्हा रविवारी सकाळी ज्याच्या घरी टीव्ही त्याच्या घरी अख्खी गल्ली, चपला बाहेर, टीव्हीला हार, पुढं उदबत्ती. आमच्या आईनं तर क्रोशाचं कव्हर विणलं होतं. आणि इकडं ही बाई 1981 सालीच टीव्हीवर जाऊन टीव्ही फोडून आलेली, टॉम स्नायडरच्या कार्यक्रमात तर एक मोटार पण उडवली.

तिला त्रास पण भरपूर झाला. 1980ला लंडनला त्यांचा शो व्हायच्या आधीच बंद पाडला, 1981ला मिलवॉकीत पोलिसांनी पकडलं, तेव्हा तोंडाला टाके पडेपर्यंत मार बसला, क्लीव्हलँडला अश्लीलतेचा खटला चालला त्यातून सुटली. आणि स्टेजवर असं थैमान घालणारी ही बाई शुद्ध शाकाहारी. आमच्याकडं माळकरी असतात ना, तसं. पोतराज दारात अंगावर आसूड ओढतो तेव्हा आपण घाबरून आत पळायचो, आणि तोच पोतराज नंतर पायरीवर बसून शांतपणे चहा प्यायचा, तसलं काहीतरी वाटलं मला.

अण्णांचं लक्ष भलतीकडंच. "परत लाव," म्हणले. परत लावलं. "थांब. इथं. समोरून मारायली बघ, काचेवर. आत व्हॅक्यूम असतो, काच आधी आत ओढती अन् मग उसळून अंगावर येती. डोळ्यात गेली म्हणजे?" आमच्याकडं ट्यूब टाकायची झाली की अण्णा आधी एनोडला, म्हणजे ट्यूबच्या हाय व्होल्टेजच्या टोकाला, स्क्रूड्रायव्हर लावून चार्ज काढतात, मग मागं मानेपाशी काचेचं बारीक टोक असतं ते पक्कडीनं हळूच मोडतात, सुस्स करून हवा आत जाते, की मग ट्यूब मेली. लहानपणी तो आवाज ऐकायला मी शाळा बुडवून यायचो.

"डोळे उघडेच हेत की हो तिचे," अण्णा म्हणले. आवाजात राग होता का कौतुक, कळलं नाही.

मग मी सांगितलं की 1991ला सगळं सोडून कनेक्टिकटमधल्या स्टॉर्स नावाच्या लहान गावात राहायला गेली, जखमी जंगली जनावरांची देखभाल करायची, किराण्याच्या सहकारी दुकानात काम करायची. आणि 6 एप्रिल 1998ला तिनं स्वतःचं आयुष्य संपवलं.

"वय काय होतं?"

"अठ्ठेचाळीस."

अण्णांनी चष्मा काढून शर्टाला पुसला, परत घातला. "जनावरांबरोबरचा फोटो हे का एखादा?" मी शोधायला लागलो तेवढ्यात एकजण रिमोट चालत नाही म्हणून आला, अण्णांनी सेल बदलून दिले, दहा रुपये पण घेतले नाहीत.